सहा खेळाडू, दोन मेडल्स: ग्रेनाडासारख्या देशांना हे जमतं कसं?

जॅव्हलिनवेडा:

पॅरिसची भालाफेक फायनल सगळ्यांना आठवत असेलच, अर्शद ९२.९७, नीरज ८९.४५, आणि आपल्याकडच्या गप्पा तिथेच थांबल्या. पण तिसरा आला तो अँडरसन पीटर्स, ८८.५४, आणि चेकियाचा वादलेख चौथा राहिला तो फक्त ४ सेंटीमीटरने. हा पीटर्स काही अचानक उगवलेला नाहीये. २०१६ ला पोलंडमध्ये ज्युनियर वर्ल्डला नीरजने ८६.४८ चा रेकॉर्ड केला तेव्हा ब्राँझ यानेच घेतलं होतं, २०२२ ला युजीनला ९०.५४ टाकून गोल्ड नेलं आणि नीरज सिल्व्हरवर राहिला. इतकी वर्षं नीरजच्या आजूबाजूला दिसतोय म्हणून शेवटी त्याच्या देशाबद्दल वाचायला बसलो आणि तेव्हापासून डोक्यात हेच चाललंय.

ग्रेनाडा. कॅरिबियनमधला ३४४ चौरस किलोमीटरचा देश, लोकसंख्या सव्वा लाखाच्या आतच. पॅरिसला एकूण सहा खेळाडू, चार ॲथलेटिक्सचे आणि दोन पोहणारे, बस. त्यात दोन ब्राँझ, पीटर्सचं एक आणि डेकॅथलॉनमध्ये, म्हणजे दोन दिवसांत दहा इव्हेंट खेळायच्या त्या प्रकारात, लिंडन व्हिक्टरचं दुसरं. लोकसंख्येच्या मानाने बघितलं तर पॅरिसला यांच्या पुढे कुणीच नव्हतं.

तर जाणकारांना विचारायचंय की हे होतं कसं? इतक्या छोट्या जागी डेकॅथलॉनवाला तयार होतो म्हणजे नक्की काय होतं? आणि एवढ्याशा टीमला ऑलिंपिकमध्ये प्रवेश कसा मिळतो, सगळे वाइल्डकार्डवर येतात का? आणखी एक, क्रिकेटला ही सगळी बेटं वेस्ट इंडीज म्हणून एकत्र खेळतात मग इथे वेगवेगळी का?

लेन_चार:

चांगला धागा. नशिबाने एखादा निघतो असं बरेच जण म्हणतात पण तसं अजिबात नाही, तिथे एक पक्की साखळी आहे. शाळेच्या स्पोर्ट्सपासून सुरू होते, मग कॅरिफ्टा गेम्स. कॅरिफ्टा म्हणजे कॅरिबियनमधल्या शाळकरी आणि ज्युनियर पोरांची स्पर्धा, १९७२ ला बार्बाडोसला सुरू झाली, दरवर्षी ईस्टरच्या सुट्टीत असते. आपल्याला बोल्ट माहीत झाला २००८ ला, पण २००४ च्या कॅरिफ्टाला बर्म्युडात त्याने २०० मीटर १९.९३ मध्ये मारली होती, ज्युनियर वर्ल्ड रेकॉर्ड. म्हणजे सतरा वर्षांच्या मुलाला स्वतःच्या भागातच, भरलेल्या स्टेडियममध्ये, वर्ल्ड क्लास पोरांशी दरवर्षी भिडायला मिळतं. छोट्या देशाची सगळ्यात मोठी अडचण काय असते तर घरात तोडीचं कुणी नसतं, आणि ती अडचण कॅरिफ्टा सोडवते. २०२४ ला, म्हणजे पॅरिसच्या चार महिने आधी, ही स्पर्धा ग्रेनाडातच होती, त्यांच्या ४०० मीटरवाल्या ऑलिंपिक चॅम्पियनच्या नावाच्या किरानी जेम्स स्टेडियमवर.

आणि मग शेवटची कडी म्हणजे अमेरिकन कॉलेज. ही कडी काढली तर सगळं कोसळतं. किरानी जेम्स अलाबामाला होता, पीटर्स मिसिसिपी स्टेटला, व्हिक्टर टेक्सास ए अँड एमला, सेंट लुसिया बेटाची, पॅरिसला १०० मीटर जिंकलेली ज्युलियन आल्फ्रेड टेक्सासला ऑस्टिनमध्ये. कोच, फिजिओ, जिम, इनडोअर ट्रॅक, वर्षभर स्पर्धा, वर डिग्री. एवढा खर्च सव्वा लाखाच्या देशाने एका डेकॅथलीटवर करायचा म्हटला तर बाकी खेळांचं काय राहील. त्यामुळे यश देशाचं असलं तरी त्याला पॉलिश अमेरिकेत झालेलं असतं, हे मान्य करूनच पुढे बोललं पाहिजे.

डेकॅथलॉनचं विचारलंत ना, लिंडनचा भाऊ कर्ट फेलिक्सपण डेकॅथलीटच. २०१४ च्या ग्लासगो कॉमनवेल्थला ब्राँझ त्याचं, रिओ ऑलिंपिकलाही खेळला. म्हणजे डेकॅथलॉन काय चीज आहे, ती वर्षभर कशी पेलायची, कुठल्या कॉलेजला पत्र टाकायचं हे लिंडनला घरातच कळत होतं. छोट्या देशात पहिला माणूस रस्ता काढतो आणि दुसरा त्याच रस्त्याने आणखी पुढे जातो. लिंडनने २०१८ आणि २०२२ ची कॉमनवेल्थ दोन्ही गोल्ड मारली आणि पॅरिसला ८७११ पॉइंट्स करून ब्राँझ. सिल्व्हरवाल्या जर्मन नॉयगेबाउअरशी अंतर फक्त ३७ पॉइंट्सचं.

पॅव्हेलियन_एंड:

क्रिकेटवाल्या प्रश्नाचं मी सांगतो कारण हा माझा आवडता विषय आहे.

ऑलिंपिकला एकदा ही मंडळी एकत्र खेळली आहेत. १९६० रोम, तेव्हा वेस्ट इंडीज फेडरेशन नावाचं एक राजकीय एकत्रीकरण चालू होतं, त्यात जमैका, बार्बाडोस, त्रिनिदादचे खेळाडू एकाच टीममधून उतरले आणि दोन ब्राँझ आणली, ८०० मीटरला जॉर्ज केर आणि ४ बाय ४०० रिले. मग १९६२ ला फेडरेशनच मोडलं, एकेक बेट स्वतंत्र होत गेलं आणि प्रत्येकाने स्वतःची ऑलिंपिक कमिटी काढली. ग्रेनाडा १९७४ ला स्वतंत्र झाला, ऑलिंपिकला पहिल्यांदा उतरला १९८४ ला लॉस एंजेलिसला. क्रिकेट बोर्ड त्याच्या आधीपासून एकत्र होतं ते तसंच राहिलं. ऑलिंपिक आणि कॉमनवेल्थ दोन्हीकडे एंट्री देशाच्या कमिटीकडून जाते आणि वेस्ट इंडीज नावाची कमिटीच नाही, मग टीम कुठून येणार.

त्यामुळे मल्टिस्पोर्टला क्रिकेट आलं की गंमतच होते. १९९८ च्या क्वालालंपूर कॉमनवेल्थला आपल्या ग्रुपमध्ये चक्क अँटिग्वा होती, जमैका आणि बार्बाडोस वेगळे आले होते. बर्मिंगहॅम २०२२ ला बायकांच्या टी-ट्वेंटीला आपल्या ग्रुपमध्ये बार्बाडोस, आपण १६२ केले आणि त्यांना ६२ वर रोखलं. २०२८ ला लॉस एंजेलिसला क्रिकेट आहे आणि तिथेही हाच पेच आहे, जागा सहाच टीमना आणि वेस्ट इंडीज म्हणून कुणालाच उतरता येत नाही. मला याचं मनापासून वाईट वाटतं. ग्रेनाडा किंवा सेंट लुसियाचा एखादा पोरगा वेस्ट इंडीजकडून टेस्ट खेळेल पण ऑलिंपिक क्रिकेट त्याच्या नशिबात येणं अवघडच.

स्पष्टवक्ती:

मी थोडं वेगळं मत मांडते, राग मानू नका.

पीटर्स, किरानी, आल्फ्रेड यांच्याबद्दल वादच नाही, हे कुठल्याही देशाचे असते तरी तिथपर्यंत पोचलेच असते. माझा प्रश्न त्या बाकीच्यांबद्दल आहे जे फक्त त्यांच्या देशाला कोटा आहे म्हणून येतात. १०० मीटरला मेन हीट्सच्या आधी एक प्रिलिमिनरी राउंड असतो, त्यात अकरा सेकंदाच्या वर धावणारे पुरुष असतात. आणि इकडे मोठ्या देशांत दहा पॉइंट काही धावणारा मुलगा घरी बसून टीव्हीवर बघतो. त्याने चार वर्षं घातलेली असतात हो. ऑलिंपिक सर्वोत्तम लोकांचं आहे की सगळ्या झेंड्यांचं, हे एकदा ठरवायला हवं असं मला प्रामाणिकपणे वाटतं.

लेन_चार:

@स्पष्टवक्ती राग कशाला, प्रश्न रास्त आहे. पण घरी बसलेल्या त्या मुलाची जागा वाइल्डकार्डवाल्याने घेतलेली नसते. ॲथलेटिक्सला एका इव्हेंटमध्ये एका देशाचे जास्तीत जास्त तीन, स्विमिंगला दोन. अमेरिकेचा किंवा जमैकाचा चौथा माणूस या नियमाने बाहेर राहतो, नाउरूसारख्या चिमुकल्या बेटाच्या मुलामुळे नाही.

युनिव्हर्सॅलिटी प्लेस असं नाव आहे त्या कोट्याला. ज्या देशाचा ॲथलेटिक्समध्ये एकही पुरुष क्वालिफाय झालेला नाही तो एक पुरुष पाठवू शकतो, एकही स्त्री झालेली नसेल तर एक स्त्री, तेही ठरावीक इव्हेंट्सनाच, डेकॅथलॉन किंवा १० हजार मीटरला ही सोय नाही. त्यामुळे बहुतेक जण १०० मीटर घेतात. प्रिलिमिनरी राउंड त्यांच्यासाठीच वेगळा ठेवलाय म्हणजे मुख्य हीट्सची गर्दी वाढत नाही. स्विमिंगलाही अशीच एक पुरुष एक स्त्री सोय आहे. ज्युदो, आर्चरी, वेटलिफ्टिंग वगैरेंना छोट्या टीमवाल्या देशांसाठी वेगळ्या मोजक्या जागा ठेवतात, पॅरिसच्या वेळी अट होती की आधीच्या दोन ऑलिंपिकमध्ये वैयक्तिक खेळांत सरासरी आठ किंवा त्याहून कमी खेळाडू असले पाहिजेत. पॅरिसला नाउरूचा एकच माणूस होता, १०० मीटरला. लिख्टेनश्टाइनचाही एकच, माउंटन बाइकवाला. तुवालूचे दोन, दोघेही १०० मीटरला.

निळा_समुद्र:

नाउरूचा विषय निघालाच आहे तर मार्कस स्टीफनबद्दल सांगितल्याशिवाय राहवत नाही. नाउरू म्हणजे २१ चौरस किलोमीटर, फॉस्फेट उपसून उपसून मधला भाग ओसाड झालेला. १९९० ला ऑकलंड कॉमनवेल्थला देश पहिल्यांदाच उतरला आणि या वेटलिफ्टरने स्नॅचमध्ये (वजन एका झटक्यात डोक्यावर नेण्याचा प्रकार) गोल्ड आणलं, शिवाय दोन सिल्व्हर. पुढे १९९२ च्या बार्सिलोनाला गडी तयार पण देशाकडे ऑलिंपिक कमिटीच नाही, म्हणून तो सामोआकडून खेळला. मग नाउरूची कमिटी झाली, १९९४ ला तिला मान्यता मिळाली आणि १९९६ ला अटलांटाला तो स्वतःच्या देशाच्या नावाने उतरला. २००७ ला तो नाउरूचा राष्ट्राध्यक्ष झाला.

म्हणून मला वाटतं की झेंडा असणं ही वरवरची गोष्ट नाही. कमिटी असेल तर फेडरेशन येते, ऑलिंपिक सॉलिडॅरिटी या मदत योजनेचे पैसे येतात, खेळाडूला स्कॉलरशिप मिळते, कोचला ट्रेनिंगला पाठवता येतं. तो अकरा सेकंदवाला मुलगा येतो त्याच्याबरोबर हे सगळं त्याच्या बेटावर पोचतं. उद्या त्याच ट्रॅकवर दुसरा कुणी साडेदहाने धावेल.

जॅव्हलिनवेडा:

वा, भरपूर माहिती मिळतेय, मनापासून आभार सगळ्यांचे. म्हणजे ग्रेनाडाचे मेडलवाले तरी स्वतःच्या जोरावर आलेले दिसतात. आता मला टीम प्रत्यक्षात चालते कशी याचं कुतूहल आहे. सहा खेळाडू, दोन खेळ, अधिकारी किती, कोच किती?

मिक्स्डझोन:

मी अशा मल्टिस्पोर्ट स्पर्धांना व्हॉलंटियर म्हणून काम केलंय त्यामुळे हे जवळून बघितलंय. अधिकाऱ्यांची ॲक्रेडिटेशन कार्डं खेळाडूंच्या संख्येवर ठरतात. मोठ्या देशाकडे शेफ द मिशन म्हणजे पथकप्रमुख, पत्रकारांचं बघणारा प्रेस अटॅशे, डॉक्टर, प्रत्येक खेळाचा मॅनेजर अशी फौज असते, छोट्या टीममध्ये एकच बाई सकाळी स्विमिंगच्या टेक्निकल मीटिंगला असते, दुपारी व्हिलेजमध्ये पोरांच्या लाँड्रीचा घोळ निस्तरते आणि संध्याकाळी वॉर्मअप ट्रॅकच्या गेटवर हातात स्पाइक्सची पिशवी घेऊन उभी असते कारण तिच्या कार्डवर आत जायची परवानगीच नाही. पॅरिसला स्विमिंग नॉनतेरला ला डिफॉन्स अरेनात आणि ॲथलेटिक्स सां-दनीला, म्हणजे दोन वेगळ्या टोकांना. एकाच कोचला दोन्हीकडे पोचायचं तर शटल बसच्या टाइमटेबलवर जगायचं.

आणि डेकॅथलॉनचा विचार करा. दोन दिवस, दहा इव्हेंट. पहिल्या दिवशी १००, लाँग जंप, गोळा, हाय जंप, ४००. दुसऱ्या दिवशी हर्डल्स, थाळी, पोल व्हॉल्ट, भाला आणि शेवटी १५००. प्रत्येकाला वेगळे बूट, पोल्स वेगळे, मध्ये दोन घास खायचे, बर्फ लावायचा, झोप चार-पाच तासांची. मोठ्या टीमचा डेकॅथलीट रेस्ट रूममध्ये आला की दोन माणसं मालिशला तयार असतात. छोट्या टीमचा माणूस बऱ्याचदा स्वतःची बॅग स्वतः भरतो, मग शेजारच्या देशाचा फिजिओ बघतो आणि म्हणतो ये रे इकडे बस. हे मी डोळ्यांनी बघितलंय, एकदा नाही बऱ्याचदा. कॅरिबियनवाले आपसात तर करतातच.

सेंट_जॉर्जेस_फॅन:

३ ऑगस्ट २०२४ ची ती संध्याकाळ कुणी लाइव्ह बघितली का? भारतात मध्यरात्र उलटलेली होती. एकाच स्टेडियममध्ये, पाऊस पडून ट्रॅक ओला, आधी डॉमिनिकाची थिया लाफाँड १५.०२ मीटरची ट्रिपल जंप मारून गोल्ड घेते, देशाचं पहिलंवहिलं ऑलिंपिक मेडल. मग १०० मीटरला ज्युलियन आल्फ्रेड १०.७२, अमेरिकेची शकॅरी रिचर्डसन १०.८७, म्हणजे फायनलमध्ये दीड दशांश सेकंदाचं अंतर! सेंट लुसियाचंही पहिलंच मेडल. छातीवरचा नावाचा कागद ओरबाडून काढला आणि हातात धरून ओरडत सुटली ती पोरगी. आणि त्याच रात्री व्हिक्टरचं ब्राँझ. तीन देशांची लोकसंख्या मिळून चार लाखसुद्धा भरत नाही. आणि बघा, २००३ ला याच स्टेडियममध्ये सेंट किट्स अँड नेव्हिसचा किम कॉलिन्स १०० मीटरचा वर्ल्ड चॅम्पियन झाला होता, १०.०७ मध्ये. तो देश तर पन्नास हजारांचा.

पण यामागे काय परिस्थिती असते तेही बघा. सेंट लुसियाच्या दक्षिणेला व्ह्यू फोर्टला जॉर्ज ओडलम स्टेडियम आहे. २००९ ला तिथलं सेंट ज्यूड हॉस्पिटल जळालं आणि पेशंट्स हलवले ते या स्टेडियममध्ये. तात्पुरते म्हणून हलवले आणि दहा वर्षांच्या वर हॉस्पिटल तिथेच राहिलं. पेशंट्सची सोय आधी बघायलाच हवी, त्यात दुमत नाही, पण तेवढ्या वर्षांत किती मुलांना धड ट्रॅक मिळाला नसेल याचा विचार केला की पोटात तुटतं. आल्फ्रेड स्वतः लहानपणी शाळेच्या युनिफॉर्ममध्ये अनवाणी धावायची, चौदाव्या वर्षी घर सोडून जमैकाला गेली. तिच्या आधी लेव्हर्न स्पेन्सर हाय जंपमध्ये चार ऑलिंपिक खेळली, कॉमनवेल्थ गोल्ड आणलं, पण ऑलिंपिक मेडल काही आलं नाही. तिचं नाव या सगळ्यात राहून जातं म्हणून मुद्दाम लिहितोय.

ग्रेनाडाचंही तेच. १ जुलै २०२४ ला बेरिल वादळ त्यांच्या कॅरियाकू बेटावर आदळलं, घरंच्या घरं उडाली. ऑलिंपिकला चार आठवडेही राहिले नव्हते. अशा वेळी खेळाडू ट्रेनिंग कॅम्पमध्ये असतो आणि फोनवर घरचे फोटो येत राहतात.

स्पष्टवक्ती:

हे वाचून माझं मत जरा सरकलंय हे मान्य करते, विशेषतः एका देशाचे तीन हा मुद्दा पटला. पण एक काळजी वाटते. सगळं दोन-तीन माणसांवर उभं असतं. त्यातला एक जरी आजारी पडला तरी त्या देशाचं सगळं ऑलिंपिक गेलं ना?

लेन_चार:

अगदी, आणि किरानीच्या बाबतीत हे घडलंय. २०११ ला अठराव्या वर्षी वर्ल्ड चॅम्पियन, २०१२ ला लंडनला ४३.९४ मध्ये गोल्ड, ग्रेनाडाचं पहिलं ऑलिंपिक मेडल, देशात अर्ध्या दिवसाची सुट्टी जाहीर झाली होती. रिओला सिल्व्हर. मग ग्रेव्हज डिसीज झाला, थायरॉइडचा आजार, वजन घटतं, ठोके वाढतात, ४०० वाल्यासाठी याहून वाईट काय असणार. दोन वर्षं जवळजवळ गायब. आणि तरी टोकियोला येऊन ब्राँझ घेतलं. त्याच टोकियोत पीटर्स वर्ल्ड चॅम्पियन म्हणून आला होता आणि फायनललासुद्धा पोचला नाही. म्हणजे त्या वर्षी किरानी नसता तर ग्रेनाडाच्या हातात काहीच नसतं.

आणि पॅरिसला किरानी ४३.८७ धावला. लंडनच्या गोल्डपेक्षा फास्ट, एकतिसाव्या वर्षी, आणि आला पाचवा! ४०० मीटर कुठे जाऊन पोचलीय बघा.

जॅव्हलिनवेडा:

४३.८७ ला पाचवा, कमाल आहे. आता टोकियो २०२५ चं वर्ल्डही बघा, त्रिनिदादचा केशॉर्न वॉलकॉट ८८.१६ गोल्ड, पीटर्स ८७.३८ सिल्व्हर, आपला सचिन यादव ८६.२७ टाकून चौथा, ४० सेंटीमीटरने ब्राँझ गेलं. स्प्रिंटसाठी कॅरिबियन प्रसिद्ध आहे पण भाल्यात पहिले दोन? यामागेही काही परंपरा आहे का तिकडे?

सेंट_जॉर्जेस_फॅन:

आहे ना. वॉलकॉट टोकोचा, त्रिनिदादच्या अगदी ईशान्य कोपऱ्यातलं समुद्राकाठचं गाव. तिथल्या मुलांमध्ये भाल्याची आवड आधीपासून आहे, शाळेच्या मैदानावर टाकतात. २०१२ च्या जुलैत तो बार्सिलोनाला ज्युनियर वर्ल्ड जिंकला आणि महिन्याभरात लंडनला ८४.५८ टाकून एकोणिसाव्या वर्षी ऑलिंपिक गोल्ड. तेव्हा पीटर्स चौदा वर्षांचा होता, शेजारच्या बेटावर, आणि त्याच आठवड्यात किरानीनेही गोल्ड मारलं होतं. कॅरिफ्टाला भाला होताच, अमेरिकन कॉलेजवाले आता धावणाऱ्यांबरोबर फेकणाऱ्यांनाही हेरायला लागले. पुढच्या दोन-तीन कॅरिफ्टाचे भाल्याचे निकाल बघत राहा, विशेषतः अंडर-१७ चे, तिथली नावं २०३२ ला नीरजनंतरच्या पोरांसमोर उभी असतील.

मिक्स्डझोन:

आणि २०२६ ला ग्लासगो कॉमनवेल्थ आहे, २३ जुलैपासून. खेळ कमी करून दहाच ठेवलेत पण ॲथलेटिक्स आहे. ओपनिंगचं संचलन बघाल तेव्हा तीन-चार माणसांच्या टीम्स आल्या की चहा करायला उठू नका, कोण चाललंय ते बघा आणि इथे लिहा, आपण एकेकाचे इव्हेंट फॉलो करू.